मंडपाच्या कापडाचं मचाण

माझ्या कार्डावर एके काळी ‘वन्यजीव व साहस चित्रणकार’ असं छापलेलं होतं. कार्ड मीच छापून घेतलं होतं. पहिलं कार्ड बायकोच्या हातात दिलं तेव्हा ती तांदूळ निवडत बसली होती. तिनं ते वाचलं, माझ्याकडे पाहिलं आणि इतकी हसली की सुपातले निम्मे तांदूळ जमिनीवर आले. तिचं काही चुकलं नव्हतं. मला उंचीची भीती वाटते. घरात पाल निघाली की मी खुर्चीवर चढून बायकोला हाक मारतो, आणि खुर्चीवर चढल्यामुळे आणखी घाबरतो. असल्या माणसानं पुढे कितीतरी वर्षं जंगलं, कडे आणि श्वापदं टीव्हीवर दाखवून पोट भरलं, यावर तिचा अजून विश्वास नाही. माझाही पुरता बसलेला नाही.

मूळचा मी कर्जतच्या बाजारातला फोटोवाला. वडील रेल्वेत होते. आमच्या बौद्धवाड्यातली निम्मी घरं या ना त्या कामानं रेल्वेतच होती, आणि मीही तिथंच चिकटावं एवढीच वडिलांची साधी अपेक्षा. मी मात्र बाजारातल्या एका स्टुडिओत जाऊन मागचे पडदे बदलायला लागलो. एका पडद्यावर ताजमहाल होता, दुसऱ्यावर धबधबा. गिऱ्हाइकाला धबधब्यापुढे उभं करायचं, हनुवटी जरा वर करायला सांगायची आणि बटण दाबायचं, ही माझी निसर्गाशी झालेली पहिली ओळख. पुढे लग्नांत तरबेज झालो. मुंडावळ्या सरळ करणं, फ्रेममध्ये घुसणाऱ्या मामांना गोड बोलून बाजूला काढणं, हार गळ्यात पडताना अचूक क्षण धरणं, हे मला चांगलं जमत असे. जंगलात यातलं काहीच उपयोगी पडत नाही, हे मला फार उशिरा कळलं.

मुंबईचे एक साहेब टीव्हीसाठी अर्ध्या अर्ध्या तासाचे माहितीपट काढत. त्यांचा मुक्काम खालापूरच्या सरकारी विश्रामगृहात होता आणि त्यांच्या कॅमेरामनला कावीळ झाली. कुणीतरी त्यांना आमच्या स्टुडिओत पाठवलं. साहेबांनी विचारलं, “जंगल माहीत आहे का?” कर्जतचा माणूस म्हणजे जंगलातच जन्मलेला असणार, असा मुंबईकरांचा समज असतो. मी तो खोडून काढला नाही. “कडे चढता येतात?” “लहानपणापासून,” मी म्हणालो. लहानपणापासून मी कर्जत स्टेशनचा पूल तेवढा चढत होतो, आणि तोही मधोमध चालत.

कॅमेरा सोळा मिलिमीटरचा, चावी भरायचा. एकदा चावी पिळली की अर्धा मिनिटसुद्धा चालत नसे, आणि चालताना पिठाच्या गिरणीसारखा आवाज करी. आख्खा रोळ तीन मिनिटांच्या आत संपे. तो मुंबईला धुवायला जाई, आणि आपण नेमकं काय टिपलं ते आठ-दहा दिवसांनी कळे. तोवर देवावर भरवसा ठेवायचा म्हणावं, तर आमच्या घरात तीही सोय नव्हती.

पहिली दोन-तीन वर्षं मी हातचलाखीवर काढली, हे आता कबूल करायला हरकत नाही. गिर्यारोहकांच्या माहितीपटात मी कड्याच्या पायथ्याशी एका धोंड्यावर बसून कॅमेरा तिरका धरला. पडद्यावर साधा उतार सरळ भिंतीसारखा उभा दिसला. वर्तमानपत्रात कुणीतरी ‘जिवावर उदार होऊन केलेलं चित्रण’ असं लिहिलं. ते कात्रण आईनं कपाटाला आतून चिकटवलं. आणखी एका माहितीपटात जो अजगर म्हणून दाखवला ती आमच्या परसातली धामण होती. तिला इतकं जवळून घेतलं होतं की ती कोण आहे हे तिलासुद्धा कळलं नसतं. यातून कुणाचं काही बिघडलं नाही. धामण संध्याकाळी आपल्या बिळात परत गेली. साहेब खूश होते, मी खूश होतो, आणि आपण या धंद्यात मुरलो असं मला वाटायला लागलं होतं.

अशात साहेबांच्या डोक्यात धनेश आला. राखाडी रंगाचा, लांब शेपटीचा, वाकड्या मोठ्या चोचीचा हा पक्षी आपल्याकडे डोंगराच्या अंगाला पुष्कळ दिसतो. त्याचा संसार जगावेगळा. अंडी घालायच्या वेळी मादी झाडाच्या ढोलीत शिरते आणि स्वतःला आत कोंडून घेते. ढोलीचं तोंड माती आणि विष्ठा यांनी लिंपून टाकते, फक्त चोच बाहेर निघेल एवढी फट ठेवते. मग कितीतरी आठवडे तिचं आणि पिल्लांचं पोट नराच्या चोचीवर. नर दिवसभर खेपा घालतो आणि फटीतून एकेक फळ भरवतो. तो आला नाही तर आतल्यांची उपासमार. साहेब म्हणाले, “हा खरा ड्रामा आहे. मला फट पाहिजे, अगदी समोरून. तू झाडावर बसणार.”

असं झाड खालापूर तालुक्यात डोंगराच्या कुशीतल्या एका ठाकरवाडीत सापडलं. जुना रायवळ आंबा, दोन-तीन पुरुष उंचीवर ढोली, आणि तिच्या तोंडाशी वाळलेला लिंपणाचा गिलावा. हे झाड एका म्हातारीच्या झोपडीसमोर होतं. मुलगा-सून वीटभट्टीवर गेलेले, ती एकटीच घरी. अंगानं वाळलेली, गुडघ्यापर्यंत कासलेलं लुगडं, आणि नजर अशी की फोटोला बसलेल्या माणसाला मी जशी हनुवटी वर करायला सांगायचो तशी तिनं मला न बोलता खाली करायला लावली.

म्हातारीची एक रीत होती. वाडीत दुसरं कुणी असं करत नसे, हिच्या घरात मात्र सासूपासून चालत आलेलं होतं. मादी कोंडून बसली की म्हातारी रोज पहाटे आंब्याखालची जागा खराट्यानं लख्ख झाडायची. दिवसभरात फटीतून केर खाली पडे : उंबराच्या साली, बिया, किड्यांचे पंख, विष्ठा. संध्याकाळी म्हातारी तिथं उकिडवी बसायची आणि तो केर काडीनं उलटापालटा करून बघायची. किती पडलाय, कशाचा पडलाय, यावरून आत कसं चाललंय ते तिला कळत असे. मग आंब्याच्या पोकळ बुंध्याला कान लावायची आणि आतलं ऐकायची.

“माज्या सासूनं माज्या हवाली केली ही,” ती मला म्हणाली. “म्हनली, दरसाल येते बाळंतपनाला. हिच्यावर ध्यान ठेव. दोन पिलं बोलतात आत. ऐकतंस का?”

मी कान लावला. मला माझ्याच कानातला आवाज ऐकू आला. तरी मी मान डोलावली, कारण मी वन्यजीव चित्रणकार होतो.

आता मचाण. साहेबांच्या इंग्रजी पुस्तकात लिहिलं होतं की पक्ष्याला दिसू नये म्हणून हिरव्या कापडाचा आडोसा करावा. हिरवं कापड म्हटल्यावर माझ्यासारख्या लग्नातल्या माणसाच्या डोक्यात काय येणार? कर्जतच्या मंडपवाल्याकडे मी गेलो. त्याच्याकडे झकास हिरवं साटीन होतं, वधूवरांच्या खुर्च्यांमागे लावायचं, काठाला सोनेरी झालर. झालर उसवून देतो म्हणाला, पण मला घाई होती. ढोलीच्या समोर, पंधरा हातांवर ऐनाचं झाड होतं. त्यावर बांबू बांधून मी चारी बाजूंनी ते साटीन ताणलं. कॅमेऱ्याची घरघर ऐकू जाऊ नये म्हणून तो आईच्या गोधडीत गुंडाळला. उन्हात ते सगळं असं चमकायला लागलं की शेजारच्या वाडीतली माणसं चौकशीला आली. म्हातारी खाली उभी राहून वर बघत होती.

“लगीन कुनाचं रं?” तिनं विचारलं. “झाडाचं?”

सगळे हसले, मीही हसलो. वर चढताना मी डोळे मिटून घेतले होते, हे कुणाच्या लक्षात आलं नाही.

पहिल्या दिवशी उजाडायच्या आत मचाणात जाऊन बसलो. दुपारपर्यंत नर आला नाही. कॅमेऱ्याला चावी भरून मी वाट बघत होतो. घाम, डास, पायाला मुंग्या. दुपारनंतरही आला नाही. म्हटलं, सवय होईल त्याला. नवरदेवाला नाही का पहिल्यांदा फ्लॅशची भीती वाटत, मग सवय होते. दिवेलागणीला मी खाली उतरलो तेव्हा म्हातारी आंब्याखाली उकिडवी बसली होती. जमीन सकाळी झाडली होती तशीच लख्ख.

“आज केर नाय,” ती म्हणाली.

“म्हणजे बरंच की आजी. उद्याचं झाडायचं काम वाचलं.”

ती हसली नाही. मला वाटलं, म्हातारीला विनोद कळत नाही.

दुसऱ्या दिवशी पुन्हा अंधारातच वर चढलो. मध्यान्हीच्या सुमाराला फटीत हालचाल झाली. मादीची चोच बाहेर आली. आधी टोकच, मग जेवढी येईल तेवढी. ती उघडली, मिटली, पुन्हा उघडली. अशी ती चोच बाहेर राहिली, आ वासून, काहीच न मिळता. मी चावी संपेपर्यंत बटण दाबून धरलं. उंचीची भीती मला त्या वेळी आठवलीसुद्धा नाही. इतकी वर्षं कॅमेरा हाताळून मला कळत होतं की माझ्या आयुष्यातला सगळ्यात चांगला शॉट मी आत्ता घेतला. लग्नातले सगळे हार, सगळे तिरके कडे याच्यापुढे कचरा होते.

मग सहज मी लेन्स बाजूला फिरवली. थोड्या अंतरावर एक सावरीचं झाड होतं, पानं झडलेलं. त्याच्या फांदीवर नर बसला होता. त्याच्या चोचीत एक लाल उंबर होतं. तो आंब्याकडे बघत नव्हता, माझ्या साटीनकडे बघत होता. एकदा झेपावला, अर्ध्यावर आला, वाऱ्यानं कापड फडफडलं, तसा वळून पुन्हा सावरीवर जाऊन बसला. उंबर चोचीतच होतं.

त्याला माझी भीती वाटत होती. माझी आजवर कुणालाच भीती वाटली नव्हती. आमच्या घरातली पालसुद्धा मला भीत नाही.

मी त्याच क्षणी खाली उतरायला हवं होतं. मी हे सगळं गमतीत लिहितोय, पण हे वाक्य गमतीचं नाही. मला सगळं समजलं होतं. मी उजाडायच्या आत वर चढत होतो आणि अंधार पडल्यावर उतरत होतो, म्हणजे बिचाऱ्याला भरवायला दिवसाची एक घटकासुद्धा मी ठेवली नव्हती. दोन दिवस आत कुणाच्या पोटात काही गेलेलं नव्हतं, आणि त्याचं कारण सोनेरी झालर लावून मी वर बसलो होतो. तरी मी उतरलो नाही. कारण असं की सकाळी दहाच्या सुमाराला आंब्याच्या फांद्यांतून ऊन थेट फटीवर पडायचं, पाव तासभर. आज त्या वेळेला मी रोळ बदलत होतो. म्हटलं, आणखी एक सकाळ. उन्हातली ती चोच, जवळून. मग उतरतो.

संध्याकाळी म्हातारीनं बुंध्याला कान लावला आणि बराच वेळ तशीच उभी राहिली.

“बारीक झाला आवाज,” ती म्हणाली. “नर कुठं गेला म्हनायचा?”

मला ठाऊक होतं तो कुठं होता. मी म्हणालो, “येईल, आजी.”

त्या रात्री खालापूरच्या विश्रामगृहात साहेबांना चिठ्ठी पाठवली की चोचीचा शॉट मिळालाय. नराबद्दल एक अक्षर लिहिलं नाही. साहेबांचा उलट निरोप आला : क्लोजअप पाहिजेच.

तिसऱ्या दिवशी दहाला ऊन आलं. चोचही आली, पण कालच्यासारखी ताठ नाही, फटीच्या काठावर टेकलेली. मी क्लोजअप घेतला. पुन्हा चावी भरली, पुन्हा घेतला. गोधडीतून कॅमेरा गुरगुरत होता. तेवढ्यात खाली म्हातारी आली. हातात खराटा होता, पण झाडायला काहीच नव्हतं. तिनं तो खाली ठेवला आणि बुंध्याला कान लावला. मग वर बघितलं.

“उतर.”

“आजी, पाच मिन्टं.”

“उतर म्हनते ना! दोन बोलत व्हती. आता एकच बोलतंय.”

मी उतरलो. उतरलो म्हणजे काय, सोनेरी झालर पट्ट्यात अडकली आणि निम्मा मंडप माझ्या अंगाभोवती गुंडाळून मी जमिनीवर आलो. आणखी कुठल्याही दिवशी वाडी पोट धरून हसली असती. त्या दिवशी म्हातारीनं मला त्यातून सोडवलं, उरलेलं कापड बांबूनं ओढून खाली पाडलं आणि मला हाताला धरून आपल्या झोपडीच्या ओटीवर नेऊन बसवलं. तांब्या हातात दिला. मी पाणी पिऊन तो खाली ठेवतोय तोच सावरीवरून नर उडाला. सरळ आंब्यावर आला, फटीशी बिलगला आणि भरवायला लागला. एक, दोन, तीन, गळ्यातून एकेक उंबर वर काढून फटीत. तेरापर्यंत मी मोजली. मग डोळ्यांना दिसेना.

ओटीपासून आंबा चाळीस पावलांवर होता. नर आमच्याकडे ढुंकूनही बघत नव्हता, कारण त्या ओटीवर माणूस बसलेला त्याला दर साल दिसत होता. माझ्या पेटीत लांब पल्ल्याची लेन्स होती. म्हातारीच्या शेजारी मांडी घालून बसलो असतो तर पहिल्याच दिवशी सगळं मिळालं असतं, फट, नर, उंबर, सगळं, आणि चहासुद्धा. त्या दिवशी मी तिथूनच उरलेला रोळ संपवला. नराच्या सात खेपा मिळाल्या. फोकस उत्तम, उजेड उत्तम. साहसाची कुठंही गरज पडली नव्हती.

महिन्याभरानं पुन्हा वाडीवर गेलो तेव्हा गिलावा फुटला होता. बाहेर आलेलं पिल्लू फांदीवर धडपडत होतं. एकच होतं. मी म्हातारीकडे पाहिलं. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही, आणि मला वाईट बोललीही नाही. बोलली असती तर मला बरं वाटलं असतं.

साहेबांना मी शेवटी सांगितलं. ते म्हणाले, निसर्गात दुबळं पिल्लू जातंच, पुस्तकात आहे. मी पुस्तकाचा आधार घेतला आणि चार दिवस बरा झोपलो. मग त्यांनी मला मुंबईला बोलावून जोडलेला माहितीपट दाखवला. नराच्या सात खेपा त्यात नव्हत्या. सुरुवातीला सावरीवर उंबर धरून बसलेला नर दिसत होता, नंतर तो नाहीसा होत होता. निवेदक खर्जातल्या आवाजात सांगत होता की नर बहुधा शिकारी पक्ष्याच्या तावडीत सापडला, आणि बंदिवान आई मात्र वाट बघत राहिली. मग ती चोच. मग सारंगी. तिथंच संपत होता.

“नर परत आला तर गोष्टच राहत नाही,” साहेब म्हणाले. मी तोंड उघडलं. “तुझं नाव मोठ्या अक्षरात टाकतोय. एकट्याचं,” साहेब म्हणाले. मी तोंड मिटलं.

माहितीपट ज्या संध्याकाळी टीव्हीवर लागणार होता त्याच्या आधी आठ दिवस मी जमिनीवर चालत नव्हतो. माझी अक्कल कुठं गेली होती ठाऊक नाही, पण डोंगराखालच्या गावात ग्रामपंचायतीचा टीव्ही होता तिथं कार्यक्रम बघायचा हे मीच ठरवलं, आणि वाडीला निरोपही मीच पाठवला. शाळेच्या वर्गात टीव्ही एका टेबलावर ठेवला होता. सेट काळा-पांढरा, डोंगरामुळे प्रत्येक आकृतीच्या शेजारी तिची एक पुसट बहीण. पन्नासेक माणसं दाटीनं बसलेली. सरपंचांनी मला खुर्ची दिली. टेबलाखाली हार आणि नारळ आणून ठेवला होता, तो मला दिसेल असा. म्हातारी वाडीतल्या बायांबरोबर उतरून आली होती आणि अगदी पुढे जमिनीवर बसली होती. तिनं टीव्ही पहिल्यांदाच पाहिला. आपला आंबा डब्यात बघून तिनं शेजारणीला कोपरानं ढोसलं.

माझं नाव आलं, टाळ्या झाल्या. नर आला, उंबर आलं. मग निवेदकाचा आवाज खाली उतरला आणि नर गेल्याचं त्यानं सांगितलं. वर्गात कुणीतरी चुकचुकलं. मग ती चोच आली, उन्हात, जवळून, उघडमीट करणारी. सारंगी वाजायला लागली. बायांनी पदर डोळ्यांना लावले. शाळेचे गुरुजी चष्मा पुसत होते. आणि सांगायला लाज वाटते, पण मीही रडत होतो. मी, ज्यानं ते कापड बांधलं होतं, ज्याला नर कुठं बसलाय हे माहीत होतं, तो मी त्या आवाजाला आणि सारंगीला भुलून हुंदके देत होतो. बिचारी आई, असं मला मनापासून वाटत होतं.

म्हातारी उठून उभी राहिली. टीव्हीकडे पाठ करून तिनं आधी लोकांकडे पाहिलं.

“मेला कुठं?” ती म्हणाली. “तो डबा काय बी सांगतोय. मेला नव्हता तो.”

गुरुजी हळूच म्हणाले, “आजी, बसा. सिनेमात तसं दाखवतात.”

तिनं गुरुजींकडे लक्ष दिलं नाही. तिची नजर माझ्यावर येऊन थांबली, माझ्या ओल्या गालांवर. तिला राग आला नव्हता. तिला खरंच कळत नव्हतं, आणि तिनं कळून घ्यायला विचारलं :

“तू कशाला रडतंस रं? तुला तर ठाव हाय.”

टीव्हीवर चोच अजून उघडमीट करत होती. खुर्चीचे हात धरून मी उठलो आणि म्हणालो, “नर मेला नव्हता. समोरच बसला होता, तोंडात फळ धरून. मी वर होतो म्हणून येत नव्हता. तीन दिवस. मला दिसत होतं, तरी मी उतरलो नाही. दोन पिल्लं होती.”

सगळं बोललो. सरपंच पटकन पुढे झाले आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, “बघा, एवढा मोठा माणूस, पण काय नम्रपणा! सगळा दोष स्वतःकडं घेतो.” लोकांनी टाळ्या वाजवल्या. हार गळ्यात पडला, नारळ हातात आला. हार पडताना मी सवयीनं हनुवटी वर केली, हे माझ्या लक्षात आलं आणि मी ती खाली घेतली.

म्हातारीनं टाळ्या वाजवल्या नाहीत. ती माझ्याजवळ आली, हाराकडे तिचं लक्षही नव्हतं.

“हां,” ती म्हणाली. “आता खरं बोललंस.”

एवढं बोलून तिनं शेजारणीला हाक मारली आणि दोघी बाहेर पडल्या. डोंगर चढून जायचं होतं आणि उजेड कमी होत चालला होता. मी दारापर्यंत गेलो. तिच्याबरोबर वर वाडीपर्यंत जावं, निदान नारळ तरी तिच्या हातात द्यावा, असं फार वाटलं. पण मागून सरपंच फोटोसाठी बोलवत होते, आणि मी मागे फिरलो.